सतरा नंबरचा मंगळवार

ऑफिसातल्या बेचाळीस स्विचांपैकी एक्केचाळीस तिनं सहा आठवड्यांत सुधारून ठेवले होते. राहिला होता सतरा नंबर. तो का राहिला याचं कारण तिनं नोंदवहीत पाच वेळा लिहिलं होतं आणि पाचही वेळा ते एकच होतं : ‘अनुकूल वेळ मिळाली नाही.’ खरं कारण तळमजल्यावरच्या पाळणाघरात गादीवर पालथं पडून अंगठा चोखत होतं. त्याला वर्षाचं व्हायला अजून नऊ दिवस होते.

स्विच म्हणजे दिव्याचं बटण नव्हे, हे तिला सासरच्या प्रत्येक माणसाला वेगवेगळं समजावून सांगावं लागलं होतं. स्विच म्हणजे कपाटात बसणारी एक चपटी लोखंडी पेटी. तिला पुढून चोवीस भोकं, प्रत्येक भोकात एक वायर, आणि ऑफिसातली सगळी यंत्रं एकमेकांशी जे काही बोलतात ते या पेटीच्या तोंडून. कारखान्यातून निघताना पेटीच्या अंगात जेवढी अक्कल भरलेली असते तिला म्हणतात फर्मवेअर. ही अक्कल वयानुसार आपोआप वाढत नाही. कंपनी दरवर्षी नवी काढते, ती आणून पाजावी लागते. नाही पाजली तरी पेटी चालते, पण जुन्या समजुतींवर चालते, आणि मधल्या काळात चोर मात्र नव्या युक्त्या शिकून बसलेले असतात. सतरा नंबरची समजूत सात वर्षांपूर्वीची होती.

आणि पाळणाघराचा कॅमेरा सतरा नंबरला जोडलेला होता.

तो कॅमेरा ती फक्त अधूनमधून बघायची, असं तिचं म्हणणं होतं. तिच्या टेबलावर दोन पडदे होते. उजव्यावर काम असायचं. डाव्यावर अकरा गाद्या.

बुधवारी सकाळी साहेब तिच्या टेबलाशी येऊन उभे राहिले. साहेब म्हणजे विभागप्रमुख. त्यांची तीन वर्षांची मुलगी त्याच पाळणाघरात, डावीकडून तिसऱ्या गादीवर असायची, त्यामुळे बोलताना त्यांचीही नजर डाव्या पडद्यावर जायची.

“सतराचं काय झालं?”

“करते.”

“आज चारला तपासनीस येतोय. जुनं फर्मवेअर दिसलं की तो ऐकून घेत नाही. तिथल्या तिथे वायर काढायला लावतो. मग कॅमेरा परत हवा असेल तर अर्ज, समिती, सहा महिने.”

“माहीत आहे, साहेब.”

“मग अडलंय कुठे?”

“सुधारताना स्विच बंद होऊन परत चालू होतो. तेवढा वेळ कॅमेरा जातो.”

“किती वेळ?”

“अकरा मिनिटं.”

साहेबांनी डाव्या पडद्याकडे पाहिलं. “सलग?”

“सलग.”

“बघा बुवा,” साहेब म्हणाले, आणि बारा वाजता मी जरा बाहेर जाणार आहे असं सांगून निघून गेले. बाहेर म्हणजे कुठे आणि कोणाला घेऊन, हे त्यांनी सांगितलं नाही. तिनंही विचारलं नाही. विचारलं असतं तर पुढचं बरंच काही टळलं असतं.

कॅमेरा वाचवायचा तर कॅमेरा बंद करायला हवा, एवढं तिला पटलं होतं. प्रश्न होता बाकीच्या पालकांचा. चित्र काळं झालं की दुसऱ्या मिनिटाला फोन सुरू होणार, तिसऱ्याला लोक जिना उतरणार. हे तिला ठाऊक होतं, कारण तिनं स्वतः दुसऱ्या मिनिटाची वाट पाहिली नसती. विचार करता करता तिला एक उपाय सुचला, आणि तो सुचल्यावर आपण शिकलो ते काही वाया गेलं नाही असं तिला वाटलं.

दुपारी एक ते दोन मुलं झोपतात. झोपलेली मुलं कालही तशीच दिसतात आणि आजही तशीच. मग त्या अकरा मिनिटांपुरतं कालचंच चित्रण दाखवलं तर कोणाचं काय बिघडतंय? कॅमेऱ्याचं चित्र लोकांच्या फोनवर जायच्या आधी तिसऱ्या मजल्यावरच्या तिच्याच यंत्रातून जायचं आणि तिथेच त्याची रोजची नोंदही साठायची. तिनं मंगळवारची एक वाजल्यापासूनची बारा मिनिटं कापून घेतली. अकरा लागणार होती, एक आपली हाताशी असावी म्हणून.

एक वाजून पाच मिनिटांनी तिनं मंगळवार सुरू केला, आणि सतरा नंबरला नवं फर्मवेअर घ्यायचा हुकूम सोडला.

डाव्या पडद्यावर तिचं पिल्लू झोपलेलं होतं. एक हात उशीवर, एक तोंडात. तिला बरं वाटलं. मग लक्षात आलं की हे कालचं झोपणं आहे, आणि काल झोपला होता याचा आज आनंद मानण्यात अर्थ नाही. तरी ती बघत राहिली.

सात वर्षांची जुनी पेटी थेट नव्या आवृत्तीवर उडी मारू शकत नाही, आधी तिला मधली द्यावी लागते. दुधावरच्या पोराला एकदम जेवायला बसवता येत नाही, आधी काही दिवस कुस्करून भरवावं लागतं, तसंच. हे तिनं सूचनापुस्तिकेच्या बेचाळिसाव्या पानावर वाचलं होतं. त्रेचाळिसाव्या पानावर लिहिलं होतं की पेटीची साठवण भरलेली असेल तर ती आधी स्वतःची आवराआवर करते, त्याला पाऊण तासही लागू शकतो, आणि तोवर दिवा केशरी राहतो. ते पान वाचायच्या वेळी पिल्लूला उचकी लागली होती, आणि ती डाव्या पडद्याकडे वळली होती.

एक वाजून सोळा झाली. सतरा नंबर परत आला नाही. एक सतराला मंगळवार संपला आणि पहिल्यापासून पुन्हा सुरू झाला.

एक एकोणीसला साहेबांचा फोन आला.

“मी दवाखान्यात आहे. लस द्यायची होती. एक विचारू का?”

“विचारा ना, साहेब.”

“माझी मुलगी पाळणाघरात झोपलीय.”

“हो, साहेब. तिसरी गादी.”

“आणि माझ्या मांडीवर बसलीय.”

“मांडीवरची नीट बघितलीत का?” तिनं विचारलं.

“मांडीवरची बिस्किट मागतेय.”

“मग ती खरी असेल.”

“मग ही झोपलेली कोण?”

“तपासून सांगते,” ती म्हणाली. तिच्या खात्यात हे वाक्य सगळ्याच प्रश्नांना चालत असे.

फोन ठेवेपर्यंत दुसरा वाजला. कायदा विभागातल्या मॅडम होत्या. त्या कधी आवाज चढवत नसत. त्या नुसते मुद्दे मांडत आणि समोरच्याचं पाणी पाणी व्हायचं.

“आज सकाळी मी मुलाला लाल शर्ट घातला. कॅमेऱ्यात निळा दिसतोय.”

“रंग कधी कधी…”

“निळा शर्ट त्यानं काल घातला होता. तो धुतला. मी आत्ता घरी फोन करून विचारलं. शर्ट दोरीवर वाळतोय. ओला आहे. तर माझं म्हणणं एवढंच, की ओला शर्ट घरी असताना तो मुलाच्या अंगात पाळणाघरात कसा?”

“तपासून सांगते, मॅडम.”

“मी खाली जातेय,” मॅडम म्हणाल्या.

तिसरा फोन भांडारप्रमुखांचा. त्यांची जुळी मुलं होती, त्यामुळे ते कोणत्याही गोष्टीला सहसा घाबरत नसत. आज आवाज जरा खाली आला होता. “पाळणाघरातल्या मावशींचं काहीतरी बिनसलंय. डावीकडून उजवीकडे गेल्या. परत आल्याच नाहीत. बारा मिनिटांनी पुन्हा डावीकडून उजवीकडे गेल्या. मधे डावीकडे आल्या कधी? तिकडे भिंत आहे.”

चौथा नवऱ्याचा होता. हा दुसऱ्या ऑफिसात, गावाच्या दुसऱ्या टोकाला. तू त्या कॅमेऱ्याच्या फार आहारी गेली आहेस, असं तो तिला रोज रात्री जेवताना सांगायचा.

“कॅमेरा अडकलाय का गं?”

“तू बघतोस?”

“सहज उघडला.”

“कधी?”

“एक वाजता.”

“आता दीड होत आला.”

“सहजच चालू राहिला,” तो म्हणाला.

तिनं लॅपटॉप उचलला, स्विचला थेट लावायची निळी वायर गळ्यात अडकवली आणि जिना उतरली. सतरा नंबर पाळणाघराच्याच आतल्या कपाटात होता. आत जाऊन त्याची नाडी बघायला हवी होती. चार वाजायला अडीच तास होते, आणि तोवर तो उठला नाही तर कॅमेरा गेलाच म्हणून समजायचं.

पाळणाघराच्या दाराशी आठ पालक जमले होते. दार बंद होतं. दाराचं कुलूप विजेवर, बाहेर कोण आहे ते आत दाखवणारा छोटा पडदाही विजेवर, आणि दोघांना वीज सतरा नंबरमधूनच. हे तिला माहीत नव्हतं असं नाही. अकरा मिनिटांत कोण दार वाजवणार आहे, असा तिचा हिशेब होता. आतून मात्र साधी कडी होती. हातानं उघडायची.

तिनं दारावर बोटानं टकटक केली. “मावशी, मी आहे. आतली कडी काढा.”

“कोण मी?” आतून दबका आवाज आला.

“मी. पिल्लूची आई.”

“पडद्यावर दिसत नाही तुम्ही.”

“पडदा बंद आहे, मावशी. आवाजावरून ओळखत नाही का?”

“ओळखते की. रोज चार वेळा फोन करता. पण चेहरा दिसल्याशिवाय दार उघडायचं नाही. नियम लावलाय भिंतीवर.”

“तो नियम असल्या वेळेसाठी नाहीये.”

“खाली लिहिलंय, ‘कोणीही, कितीही ओळखीचं असलं तरी’. याखाली दोनदा रेघ मारलीय. सही तुमचीच आहे.”

आठ पालकांनी तिच्याकडे पाहिलं. पाळणाघराच्या पहिल्या आठवड्यात, पिल्लू पाच महिन्यांचा असताना, तो नियम तिनंच लिहिला होता. त्या आठवड्यात तिनं एकूण चौदा नियम लिहिले होते.

तेवढ्यात साहेब आले. खांद्यावर मुलगी, मुलीच्या हातात बिस्किट. पालकांनी साहेबांच्या खांद्याकडे पाहिलं. मग आपापल्या फोनकडे पाहिलं, तिथे तीच मुलगी तिसऱ्या गादीवर कुशीवर वळत होती. मग पुन्हा खांद्याकडे. भांडारप्रमुख दोन पावलं मागे सरकले.

आता सांगण्यावाचून गत्यंतर नव्हतं.

“ते कालचं आहे,” ती म्हणाली.

“कालचं म्हणजे?” कायद्याच्या मॅडमनी विचारलं.

“मंगळवारचं.”

“आणि आजचं?”

“आजचं आत आहे.”

मॅडमनी फोन पर्समध्ये ठेवला, हे बोलण्यापेक्षा वाईट होतं. तिनं मग सगळं सांगितलं. फर्मवेअर, तपासनीस, सहा महिन्यांचा अर्ज, अकरा मिनिटं. लॅपटॉपवर त्रेचाळिसावं पान उघडून दाखवलं, आणि दाखवता दाखवता स्वतःही पहिल्यांदाच नीट वाचलं. पानाच्या तळाशी जाड अक्षरांत होतं : दिवा केशरी असताना वीज तोडू नये. तोडल्यास पेटी पुन्हा सुरू होणार नाही.

“अहो, एवढं काय त्यात,” भांडारप्रमुख म्हणाले. भिंतीवरच्या विजेच्या खोक्यावर त्यांचा हात गेला होता. “एकदा बंद करायचं, एकदा चालू करायचं. माझ्याकडचं सगळं असंच चालतं.”

“त्याला हात लावू नका.”

“एका सेकंदाचं काम आहे. कुलूप तरी सुटेल.”

“कायमचा दगड होईल त्याचा. मग आज चारलाच काय, कधीच कॅमेरा नाही.”

“यंत्र आहे हो ते, काही होत नाही,” भांडारप्रमुख म्हणाले, आणि त्यांच्या बोटानं बटण शोधलं.

त्यांना आवृत्ती, साठवण आणि मधली पायरी समजावून सांगायला वेळ नव्हता. ती नुसती म्हणाली, “दमून दमून आत्ता कुठे डोळा लागलेल्या पोराला मधेच उठवल्यासारखं होईल.”

भांडारप्रमुखांनी हात काढून खिशात घातला. कायद्याच्या मॅडम खोक्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या, पाठ टेकवून. साहेबांनी मुलीच्या हातातलं बिस्किट कुरकुरतंय म्हणून काढून घेतलं आणि मऊ करून परत दिलं.

त्यानंतर कोणी मोठ्यानं बोललं नाही. कोणाला शिंक आली, ती त्यानं कोपरात दाबली. भांडारप्रमुखांनी चपला काढून ठेवल्या. “उठलं का?” मधून मधून कोणीतरी कुजबुजत विचारायचं, आणि ती लॅपटॉपकडे बघून मान हलवायची. दहा माणसं एका लोखंडी पेटीची झोप पुरी व्हायची वाट बघत बोळात उभी होती. समोरून पाणी घेऊन येणारा शिपाई ते दृश्य बघून न विचारता परत फिरला.

एक अठ्ठावन्नला दारात टक्‌ असा आवाज झाला आणि कुलूप सुटलं. तिनं लॅपटॉपवरून मंगळवार थांबवला.

दाराच्या आतल्या बाजूचा पडदा उजळला. मावशींनी आतून दहा चेहरे क्रमानं तपासले आणि मगच दार उघडलं. आत साहेबांची मुलगी सोडून सगळी मुलं गाढ झोपली होती. पिल्लूचा एक हात उशीवर, एक तोंडात. कालच्यासारखाच. लाल शर्टही होता. मावशींनी ओठांवर बोट ठेवलं. सगळ्यांनी माना डोलावल्या, सगळ्यांचे डोळे थोडे भरून आले, आणि त्याच वेळी तिचा फोन खणखणला. नवरा होता.

“आता तुझी पाठ दिसतेय,” तो म्हणाला. “तू तिथे काय करतेयस?”

दहाच्या दहा मुलं उठली.

तपासनीस चारऐवजी साडेतीनला आला. त्यानं बेचाळीसही स्विच तपासले, सतरा नंबरशी जरा जास्त रेंगाळला, आणि ‘अद्ययावत, चित्र स्पष्ट’ असं लिहून गेला. कॅमेरा वाचला.

चित्र स्पष्ट, ही मात्र खरी अडचण झाली. जुन्या समजुतीचा सतरा नंबर चित्र अडखळत पाठवायचा. मूल रडत असेल तर ते ओठ हलवतंय एवढंच कळायचं, गाणं म्हणत असेल असंही मानता यायचं. नव्या फर्मवेअरनं नाकातला शेंबूड दिसू लागला. कोणी कोणाच्या हातातलं खेळणं ओढलं, आधी कोण चावलं, मावशींनी कोणाला आधी उचललं, सगळं ठसठशीत. गुरुवारी तेवीस फोन आले. शुक्रवारी एकतीस. सोमवारी पालकांनी साहेबांच्या खोलीत बैठक घेतली, आणि तिला बोलावण्यात आलं.

“सगळ्यांचं म्हणणं असं पडलं,” साहेब टेबलाकडे बघत म्हणाले, “की त्या दिवशीचं जे होतं, ते बरं होतं.”

“कुठलं?”

“मंगळवारचं. त्यात सगळी झोपलेली आहेत.”

“पण ते खरं नाही.”

“खोटंही नाही,” कायद्याच्या मॅडम म्हणाल्या. “झालेलं आहे. फक्त आधी झालेलं आहे.”

तिनं थोडा विरोध केला. ज्या कॅमेऱ्यासाठी आपण हे सगळं केलं त्याचं काय, असं विचारलं. कॅमेरा राहू द्या, साहेब म्हणाले, त्याला कोण काय म्हणतंय. मतं घेतली. नऊ हात वर गेले. मग तिनं पिल्लूचा उशीवरचा हात आठवला, आणि दहावा हात वर केला.

तेव्हापासून रोज दुपारी पाळणाघरात मंगळवार असे. ऑफिसातली कामं वेळेवर होऊ लागली. नवरा रात्री जेवताना म्हणायला लागला की आपलं पिल्लू आता छान झोपायला लागलंय. तिच्या डाव्या पडद्यावरही मंगळवारच असायचा, आणि तिला वाटलं होतं त्यापेक्षा तो फारच सवयीचा झाला.

तिसऱ्या आठवड्यात एका दुपारी मावशींचा फोन आला. मावशी आपणहून कधी फोन करत नसत.

“बघितलंत ना?” मावशींनी विचारलं.

तिनं डाव्या पडद्याकडे पाहिलं. पिल्लू झोपलेला होता. “काय?”

“अहो, चालला की. भिंत सोडून चालला. दोन पावलं टाकली आणि बसला. म्हटलं, तुम्ही बघतच असणार.”

“हो,” ती म्हणाली. “बघितलं की.”

फोन ठेवून तिनं नोंद उघडली. कॅमेऱ्याचं सगळं साठतं, पाच मिनिटं मागे गेलं की झालं. ती पाच मिनिटं मागे गेली. तिथे मंगळवार होता. आदल्या दिवशीची नोंद उघडली, तिथेही मंगळवार. यंत्र लोकांना जे दाखवत होतं तेच इमानानं साठवत होतं. पंधरा दिवसांच्या पंधरा दुपारी होत्या, आणि पंधराही मंगळवार होत्या.

ती उठली. फोन टेबलावरच राहिला. तळमजल्यावर दारापुढे उभं राहून तिनं चेहरा दाखवला, कुलूप टक्‌ झालं, आणि मावशींनी दार उघडलं.

“तुम्ही? वर दिसत नाही का?”

“दिसतं,” ती म्हणाली. “चित्र नीट येतंय का ते बघायला आले.”

आत, मुलांच्या बुटक्या लाल खुर्चीत, गुडघे हनुवटीला लावून साहेब बसले होते. पलीकडे जमिनीवर भांडारप्रमुख, दोन्ही खांद्यांवर एकेक मूल. कायद्याच्या मॅडम खिडकीशी, मांडीवर मुलगा. त्यांच्या बसण्यात नवखेपणा नव्हता. रोजच्या जागा असाव्यात तशा तिघांच्या जागा होत्या.

ती साहेबांकडे बघत राहिली.

“मीही चित्रच बघायला येतो,” साहेब म्हणाले. “काय आहे, वरती रोज तेच दिसतं. मग उगाच काळजी वाटत राहते.”

त्यांनी शेजारची बुटकी खुर्ची पायानं तिच्याकडे सरकवली. “बसा. पहिलं पाऊल हुकलं तुमचं. आम्ही बघितलं. दुसऱ्यांदा उठतोय बघा आता.”

ती बसली. भिंतीला धरून पिल्लू उभा राहत होता.